इतिहासाच्या चित्रांवरील खंड

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मुख्य भाग)



आजच्या वर्गासाठी मी घेतलेला विषय ऐकून आपणांपैकी काहींना नवल वाटले असेल. शेतमालाचे भाव, रोजगार हमी, बँकांची थकलेली कर्जे हे अर्थशास्त्राच्या प्राध्यापकाचे नेहमीचे विषय. जुन्या चित्रफिती, त्यांचा शोध आणि त्यांच्या वापराचे परवाने यांच्याशी त्याचा काय संबंध, असे कोणीही विचारील. माझ्या मते संबंध निकटचा आहे. समाजाच्या खर्चाने आणि समाजाच्या श्रमाने जी संपत्ती निर्माण झाली तिच्यावर मालकी कोणाची, आणि ती वापरण्याबद्दल कोणी कोणाला काय द्यावे, हा अर्थशास्त्रातील फार जुना प्रश्न आहे. जमिनीच्या बाबतीत आपल्या चळवळीने तो पिढ्यान्‌पिढ्या लढवला. आज तोच प्रश्न समाजाच्या स्मृतीच्या बाबतीत उभा आहे, आणि त्याकडे आपले जावे तितके लक्ष गेलेले नाही.

व्यवहार कसा चालतो

प्रथम हा व्यवहार प्रत्यक्षात कसा होतो ते पाहू. समजा, आपल्यापैकी एखाद्या तरुणाने १९८२ च्या गिरणी संपावर माहितीपट काढायचे ठरवले. संप झाला तेव्हा त्याचा जन्मही झाला नव्हता. मोर्चे, गिरण्यांचे बंद दरवाजे, चाळींतली ओसाड दुपार, यांतले काहीही त्याला आता चित्रित करता येणार नाही. तेव्हा कोणीतरी कॅमेरा लावला असेल तर ते चित्र कोठल्या तरी डब्यात असेल. फिल्म्स डिव्हिजनकडे असेल, दूरदर्शनकडे असेल, एखाद्या परदेशी वृत्तसंस्थेकडे असेल, किंवा एखाद्या स्वतंत्र चित्रकर्मीच्या कपाटात असेल.

हे शोधणे हेच एक स्वतंत्र काम आहे. संग्रहाच्या सूचीत बहुधा एवढीच नोंद सापडते : मुंबई, कामगार, मिरवणूक, दोन मिनिटे. कोणते कामगार, कोणता रस्ता, पुढे कोण चालले आहे, हे कळण्यासाठी कॅमेरामनने त्या वेळी खरडलेला कागद हाती लागावा लागतो, नाहीतर त्या काळातल्या माणसाला समोर बसवून चित्र दाखवावे लागते. पसंतीसाठी जी प्रत मिळते तिच्यावर संग्रहाचे नाव आडवे छापलेले असते आणि कोपऱ्यात सेकंदांचे आकडे धावत असतात. त्यातून हवे ते सेकंद निवडायचे आणि मग भावाची बोलणी करायची.

भाव सेकंदावर किंवा मिनिटावर असतो, आणि पाचच सेकंद हवे असले तरी किमान आकार भरावा लागतो. परंतु लक्षात ठेवण्याची गोष्ट अशी की, या पैशांत तो चित्र विकत घेत नाही, केवळ परवानगी घेतो. ती परवानगीही तुकड्यातुकड्यांनी मिळते. दूरचित्रवाणीसाठी एक दर, चित्रगृहासाठी दुसरा, इंटरनेटवरील प्रसारणासाठी तिसरा. एका देशापुरती की सगळ्या जगासाठी, पाच वर्षांपुरती की कायमची, यावर रक्कम वाढत जाते. चांगल्या दर्जाची प्रत काढून देण्याचा खर्च निराळा. शिवाय त्या दृश्यात कोणी गाणे म्हणत असेल तर गाण्याचे हक्क आणखी कोणाकडे असतात. मागे छायाचित्र लटकत असेल तर त्याचा मालक तिसराच. एवढे सगळे झाल्यावर वाहिनी म्हणते, प्रत्येक सेकंदाची कागदपत्रे आणा. परदेशात तर हक्कभंगाच्या दाव्यांविरुद्ध विमा उतरवल्याशिवाय माहितीपट कोणी स्वीकारतच नाही, आणि विमा कंपनी तीच कागदपत्रे पुन्हा मागते.

परिणाम काय होतो ? ज्याच्याजवळ पैसा आहे तो इतिहास दाखवू शकतो. ज्याच्याजवळ नाही तो काय दाखवता येईल हे पाहून आपला इतिहास बेततो. महाग दृश्य गळते, त्याच्या जागी स्वस्त दृश्य येते, आणि प्रेक्षकाला वाटते, घडले ते एवढेच.

चौदा भागांची कहाणी

याचे सर्वांत बोलके उदाहरण अमेरिकेतले आहे. तेथील काळ्या जनतेच्या नागरी हक्कांच्या लढ्यावर हेन्री हॅम्प्टन यांच्या बोस्टनमधील ब्लॅकसाइड या लहानशा संस्थेने ‘आइज ऑन द प्राइझ’ नावाची मालिका तयार केली. पहिले सहा भाग १९८७ मध्ये आणि पुढचे आठ १९९० मध्ये तेथील सार्वजनिक दूरचित्रवाणीवर दाखवले गेले. शाळा-महाविद्यालयांतून ती पाठ्यपुस्तकासारखी वापरली जाऊ लागली. मॉन्टगोमरीचा बस-बहिष्कार, लिटल रॉकची शाळा, सेल्माचा पूल, हे सारे तेथील नव्या पिढीने या मालिकेतून डोळ्यांनी पाहिले.

ही मालिका ऐंशीहून अधिक संग्रहांतील दृश्ये, शेकडो छायाचित्रे आणि शंभराहून अधिक गाणी यांवर उभी होती. हॅम्प्टन यांच्याजवळ पैसा थोडा. त्यामुळे कित्येक हक्क त्यांनी मर्यादित वर्षांपुरते घेतले, कारण कायमचे हक्क परवडणारे नव्हते. मुदती संपल्या. १९९० च्या दशकाच्या मध्यानंतर मालिका पुन्हा प्रसारित करता येईना, नव्या प्रती विकता येईनात. १९९८ मध्ये हॅम्प्टन वारले. ग्रंथालयांतील जुन्या कॅसेटी झिजत चालल्या होत्या, आणि आपल्या देशातील सर्वांत मोठ्या लोकलढ्याचा हा चित्रमय इतिहास कायद्याने जणू अदृश्य झाला होता. त्यात एक प्रसंग असा होता की, मार्टिन ल्यूथर किंग यांचे सहकारी त्यांच्या वाढदिवशी ‘हॅपी बर्थडे’ हे गाणे म्हणतात. त्या गाण्यावरही त्या काळी एक कंपनी हक्क सांगत होती आणि शुल्क वसूल करीत होती. पुढे २०१५ मध्ये तेथील न्यायालयाने तो दावा निराधार ठरवला.

शेवटी २००५ मध्ये फोर्ड फाउंडेशनने सहा लाख डॉलर आणि एका धनिक देणगीदाराने अडीच लाख डॉलर दिले, हक्क नव्याने मिळवण्यात आले आणि २००६ मध्ये पहिले भाग पुन्हा दिसू लागले. मित्रहो, या साडेआठ लाख डॉलरांकडे अर्थशास्त्राच्या दृष्टीने पाहा. ही रक्कम मुख्यतः खर्च झाली ती आधीच काढलेल्या, आधीच एकदा मोल दिलेल्या दृश्यांची परवानगी पुन्हा घेण्यासाठी. मोर्चात लाठ्या खाणाऱ्यांना तिच्यातले काही मिळाले नाही. कॅमेरामन पगारी नोकर होता, त्यालाही नाही. मिळाले ते ज्यांच्या तिजोरीत डबे होते त्यांना.

यालाच मी खंड म्हणतो. कुळाने जमीन कसावी आणि गावात नसलेल्या मालकाने खंड घ्यावा, ही रीत आपल्याला परिचित आहे. येथे तर खंडाला तेवढाही आधार नाही. एकाने जमीन कसली तर दुसऱ्याला ती त्याच वेळी कसता येत नाही. चित्राचे तसे नाही. शंभर जणांनी ते वापरले तरी एकशे एकाव्याला ते तितकेच शिल्लक राहते. जी वस्तू वापराने घटत नाही तिच्या प्रत्येक वापरावर शुल्क घेणे म्हणजे टंचाई नसताना ती कुंपण घालून निर्माण करणे होय.

किंग आणि गांधी

येथे दोन महापुरुषांच्या वारशाची तुलना करण्याजोगी आहे. किंग यांचे वॉशिंग्टनमधील १९६३ चे भाषण दोन लाखांहून अधिक लोकांनी समोर उभे राहून ऐकले. सीबीएस या कंपनीच्या कॅमेऱ्यांनी ते टिपले. पुढे त्या कंपनीने स्वतःच टिपलेली ती दृश्ये एका कार्यक्रमात वापरली तेव्हा किंग यांच्या वारसांनी दावा लावला. खालच्या न्यायालयाने भाषण सार्वजनिक झाल्याचे मानले, पण १९९९ मध्ये अपील न्यायालयाने तो निर्णय फिरवला आणि पुढे प्रकरण तडजोडीने मिटले. २०१४ मध्ये सेल्माच्या मोर्चावर कथापट निघाला, तेव्हा किंग यांच्या भाषणांचे हक्क दुसऱ्या कंपनीला दिलेले असल्यामुळे दिग्दर्शिकेला किंग यांच्या तोंडी त्यांचे स्वतःचे शब्द घालता आले नाहीत, त्यांच्यासारखे वाटतील असे शब्द लिहावे लागले.

गांधीजींनी आपल्या लेखनाचे हक्क नवजीवन ट्रस्टकडे सोपवले होते. आपल्या कायद्याप्रमाणे लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी हक्क संपतो, म्हणून २००९ च्या आरंभी गांधीजींचे लेखन सर्वांसाठी खुले झाले. मुदत वाढवून मागण्याची वाट मोकळी होती. रवींद्रनाथांच्या लेखनाची पन्नास वर्षे संपत आली तेव्हा सरकारने सर्वांचीच मुदत दहा वर्षांनी वाढवली होती. नवजीवनने तशी मागणी केली नाही. विश्वस्त या शब्दाचा गांधीजींना अभिप्रेत असलेला अर्थ तेथे पाळला गेला, असे मी म्हणेन.

परंतु गांधीजींच्या शब्दांचे जे झाले ते त्यांच्या चित्रांचे झाले नाही. त्यांचे बोलपटातील पहिले दर्शन १९३१ मध्ये गुजरातेतील बोरसद येथे घडले, आणि ते टिपले फॉक्स मूव्हीटोन या अमेरिकन वृत्तपट कंपनीने. १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहावर काही भारतीय कंपन्यांनी काढलेल्या चित्रांवर मुंबई सरकारने बंदी घातली होती. म्हणजे आपल्या माणसांचे कॅमेरे अडवले गेले आणि परक्यांचे चालू राहिले, आणि आज त्या काळाकडे पाहायचे तर पुष्कळदा परक्यांच्या संग्रहाकडे वळावे लागते. ए. के. चेट्टियार या तमिळ तरुणाने देशोदेशी फिरून गांधीजींची दृश्ये गोळा केली आणि १९४० मध्ये माहितीपट प्रदर्शित केला. त्याची मूळ प्रत हरवली. १९५३ मधील संक्षिप्त इंग्रजी आवृत्ती बऱ्याच वर्षांनी मिळाली तीही अमेरिकेतील एका विद्यापीठात.

ब्रिटिश पाथे या कंपनीने २०१४ मध्ये आपल्या संग्रहातील सुमारे ८५,००० चित्रे इंटरनेटवर पाहण्यास खुली केली. ही गोष्ट स्वागतार्ह आहे. परंतु पाहण्याची मुभा आणि वापरण्याची मुभा यांत फरक आहे. आपला भूतकाळ आपण पाहू शकतो. त्याच्या आधारे काही म्हणायचे झाले तर पौंडांत पैसे मोजावे लागतात.

आपल्या घरातील स्थिती

परक्यांना दोष देऊन आपली जबाबदारी संपत नाही. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्तीचे चित्रण केले आणि १९०१ मध्ये रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचे केले. भारतीय माणसाने भारतातील घटनेचे केलेले ते अगदी आरंभीचे चित्रण. त्यातले आज काही उरलेले नाही. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ पूर्ण स्वरूपात उपलब्ध नाही. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले आणि पी. के. नायर यांच्यासारख्या माणसाने आयुष्य वेचून जे वाचवता येईल ते वाचवले. पण नायट्रेटची जुनी फिल्म भडका उडणारी असते, आणि ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यातच लागलेल्या आगीत तिचा मोठा साठा जळून गेला.

स्वातंत्र्याच्या दिवसाचीच गोष्ट घ्या. युद्धकाळात ब्रिटिश सरकारने उभारलेला चित्रपट विभाग १९४६ मध्ये बंद झाला होता. त्यामुळे १५ ऑगस्ट १९४७ रोजी भारत सरकारजवळ तो सोहळा टिपणारी स्वतःची यंत्रणा नव्हती. जे चित्रण झाले ते खाजगी कॅमेरामन आणि परदेशी वृत्तपट कंपन्या यांच्यामुळे. १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली आणि पुढच्या सात दशकांत तिने आठ हजारांहून अधिक चित्रे काढली. त्यांत सरकारी प्रचार पुष्कळ होता, आणीबाणीत तर तो किळसवाणा झाला होता. तरीही धरणे, दुष्काळ, निवडणुका, निर्वासित, लोककलावंत यांची जी चित्रे तेथे आहेत ती अन्यत्र कोठेही नाहीत.

या चित्रांचा खर्च कोणी केला ? करदात्याने तर केलाच. शिवाय प्रत्येक चित्रगृहाला मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे चित्र दाखवणे सक्तीचे होते, आणि त्यासाठी आपल्या निव्वळ उत्पन्नाच्या एक टक्क्यापर्यंत भाडे भरावे लागत असे. ते अखेर तिकिटातूनच येत होते. म्हणजे पिटात बसणाऱ्या हमालाने आणि गिरणी कामगाराने या चित्रांची किंमत दोनदा चुकती केली आहे. आज त्याचा नातू त्यातील एक मिनिट आपल्या माहितीपटात घालू पाहतो तेव्हा त्याच्याकडे तिसऱ्यांदा पैसे मागितले जातात.

कायदा काय सांगतो ? चित्रपटावरील हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षे राहतो. १९६० मध्ये प्रसिद्ध झालेला वृत्तपट २०२० च्या अखेरीस हक्कमुक्त झाला. दरवर्षी आणखी एका वर्षाची चित्रे मुक्त होत जातात. पण हक्क संपला म्हणून डबा उघडत नाही. चांगली प्रत एकाच ठिकाणी असते आणि किल्ली ज्याच्या हाती तो आपला दर सांगतो. कायद्याने संपलेली मालकी कुलपाच्या जोरावर चालूच राहते. याच्या उलट, अमेरिकेत केंद्र सरकारने स्वतः निर्माण केलेल्या कृतींवर हक्कच नसतो, आणि तेथील राष्ट्रीय अभिलेखागारातून असे चित्र केवळ प्रत काढण्याचा खर्च भरून मिळते. भांडवलशाहीचे माहेरघर म्हणवणाऱ्या देशाने सरकारी चित्रे जनतेची मानावीत आणि आपण ती विक्रीस ठेवावीत, हा विरोधाभास विचार करण्याजोगा आहे.

मार्च २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचे संग्रहालय यांचे काम राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे सोपवण्यात आले. अनेक चित्रकर्मींनी त्याला विरोध केला होता. महामंडळ म्हणजे कायद्याच्या दृष्टीने कंपनी. कंपनीच्या ताळेबंदात संग्रह ही मिळकत ठरते, आणि मिळकतीतून उत्पन्न निघाले पाहिजे असा दबाव आज ना उद्या येतोच. जुन्या चित्रपटांच्या जतनासाठी ५९७ कोटींची योजना सरकारने हाती घेतली, ही चांगली गोष्ट आहे. पण जनतेच्या पैशाने दुरुस्त केलेली चित्रे जनतेला कोणत्या अटींवर मिळणार, हा प्रश्न आपण विचारला नाही तर दुसरे कोणी विचारणार नाही.

एक आक्षेप

यावर एक आक्षेप घेतला जातो आणि तो प्रामाणिक आहे. चित्रे जतन करायला थंड खोल्या लागतात, यंत्रे लागतात, जाणती माणसे लागतात. शुल्क घेतले नाही तर हा खर्च कोठून येणार ? येथे तीन गोष्टी वेगळ्या केल्या पाहिजेत. प्रत काढून देण्याचा खर्च मागणाऱ्याने द्यावा, त्याबद्दल तक्रार नाही. जतनाचा खर्च हा ग्रंथालयासारखा समाजाचा कायम खर्च आहे आणि तो अंदाजपत्रकातून झाला पाहिजे. उरतो तो खंड. मोठ्या व्यापारी वाहिनीकडून किंवा जाहिरात कंपनीकडून तो जरूर घ्यावा, पण विद्यार्थी, शिक्षक, स्वतंत्र चित्रकर्मी आणि लोकसंघटना यांना त्यातून सूट असावी. विक्रीतून जतनाचा खर्च निघेल असे म्हणणारे हे विसरतात की विकली जाणारी दृश्ये थोडी असतात. नेत्यांची दृश्ये वारंवार खपतात. खेड्यातल्या विहिरीवरच्या बायकांचे दृश्य पन्नास वर्षांत एखादाच मागतो. बाजारावर सोपवले तर बाजार पहिले जतन करील आणि दुसरे कुजू देईल.

एकाच ठिकाणी, एकाच हाती सारे असण्याचा धोका तर आपल्याला अनुभवाने माहीत आहे. आणीबाणीत अमृत नाहटा यांच्या ‘किस्सा कुर्सी का’ या चित्रपटाची निगेटिव्ह आणि प्रती नष्ट करण्यात आल्या. खटला झाला, १९७९ मध्ये खालच्या न्यायालयात शिक्षा झाली, ती सर्वोच्च न्यायालयात टिकली नाही. मूळ चित्रपट मात्र कायमचा गेला आणि नाहटांना तो नव्याने काढावा लागला. त्याच काळात आनंद पटवर्धन यांनी बिहार आंदोलनावर काढलेला माहितीपट तुकडे करून देशाबाहेर न्यावा लागला, म्हणून वाचला.

आपण काय करावे

मागण्या मोजक्या आणि स्पष्ट असाव्यात. सरकारी खर्चाने निर्माण झालेल्या सर्व चित्रांची संपूर्ण सूची लोकांसाठी खुली करावी. ज्यांचा हक्क संपला आहे ती चित्रे प्रतीच्या खर्चात मिळावीत. पुस्तकांची प्रत राष्ट्रीय ग्रंथालयांत जमा करण्याचा कायदा १९५४ पासून आहे, तसाच चित्रपट आणि दूरचित्रवाणी यांसाठी असावा. फ्रान्सने दूरचित्रवाणी व आकाशवाणीच्या कार्यक्रमांसाठी १९९२ मध्ये तसा कायदा केला आणि अभ्यासकांना ते कार्यक्रम पाहण्याची सोय केली. आपल्या कायद्यातील वाजवी वापराची सवलत समीक्षा, संशोधन, चालू घडामोडी एवढ्यांपुरती आहे. इतिहासाचे कथन करणाऱ्या माहितीपटालाही ती निःसंदिग्धपणे लागू असावी. अमेरिकेतील माहितीपटकारांनी २००५ मध्ये एकत्र बसून वाजवी वापराची आचारसंहिता तयार केली आणि हळूहळू विमा कंपन्यांनाही ती मान्य करावी लागली. संघटित झाल्याने बाजाराचे नियम बदलतात, हे आपल्याला कोणी शिकवण्याची गरज नाही.

दुसरे काम आपल्या हातातले आहे. आज प्रत्येक कार्यकर्त्याच्या खिशात कॅमेरा आहे. मोर्चे, धरणी, सभा यांचे चित्रण रोज होते आणि महिन्याभरात पुसले जाते, किंवा एखाद्या परदेशी कंपनीच्या यंत्रात, तिच्या अटींवर, पडून राहते. प्रत्येक जिल्ह्यात एका कार्यकर्त्याकडे हे काम द्या. चित्रणासोबत दिनांक, गाव, प्रसंग, दिसणाऱ्या माणसांची नावे आणि चित्रण करणाऱ्याचे नाव एका वहीत लिहा. ज्याने काढले त्याच्याकडून, लोकांच्या कामासाठी ते विनामूल्य वापरता येईल, असे दोन ओळींचे पत्र त्याच वेळी घ्या. दोन प्रती दोन गावी ठेवा. जुन्या कार्यकर्त्यांच्या घरी कॅसेटी आणि रिळे असतील ती मागून आणा, आणि ते कार्यकर्ते हयात आहेत तोवर त्यांना चित्रे दाखवून कोण कोण आहेत ते लिहून घ्या. नाव नसलेले चित्र चाळीस वर्षांनी नुसती गर्दी होते, आणि त्या गर्दीत आपले कोण होते हे सांगणारा तेव्हा कोणी उरलेला नसतो.

हे काम खर्चाचे नाही, चिकाटीचे आहे. पुढच्या वर्गाला येताना प्रत्येक जिल्ह्याने अशा वहीची पहिली पाने भरून आणावीत, एवढी विनंती करून मी थांबतो.